तारवाला सायकलवरून गेला तेव्हा

नमस्कार मंडळी. पत्रिकेत विषय छापलाय ‘तणावाच्या काळातील राजदूत’. मघाशी आत चहा घेताना एका काकांनी मला सरळच विचारलं, “सर, आता पंतप्रधान एकमेकांना थेट फोन लावतात. मग हे राजदूत पोसायचे कशाला?” दादरच्या श्रोत्यांकडून याहून मवाळ प्रश्नाची अपेक्षा मी केलीच नव्हती. तीस वर्षं राज्यशास्त्र शिकवलं, हा प्रश्न दर वर्षी मागच्या बाकावरून यायचाच.

‘राजदूत’ हा शब्द आपल्या तोंडात तसा अलीकडचा. पेशवे दफ्तरात भेटतो तो ‘वकील’. दिल्लीत हिंगणे, निजामाच्या दरबारात गोविंदराव काळे. तिथली बित्तंबातमी पुण्याला लिहायची, पुण्याचा निरोप तिथे पोचवायचा आणि दोन्हीकडची बोलणी खायची. त्याही आधीचा आपला शब्द म्हणजे शिष्टाई. कृष्णशिष्टाई म्हटलं की आपण धरूनच चालतो, ही फसणार. पाच गावं मागितली, तीही मिळाली नाहीत. पण कृष्णाचं एक बरं होतं. पांडव त्याच्यापासून काही लपवत नव्हते. आज ज्या माणसाबद्दल मी बोलणार आहे, त्याच्या नशिबी तेवढंही नव्हतं.

अनातोली दोब्रिनिन. जन्म 1919 चा, शिक्षणाने विमान-अभियंता. याकोव्हलेव्हच्या विमान-आरेखन कार्यालयात नोकरी करत होता. 1944 मध्ये वरून हुकूम आला, आता मुत्सद्देगिरी शीक. सोव्हिएत रशियात ‘मला विचार करायला दोन दिवस द्या’ असं म्हणायची पद्धत नव्हती. 1962 च्या मार्चमध्ये हा वॉशिंग्टनला सोव्हिएत राजदूत म्हणून आला आणि 1986 पर्यंत राहिला. चोवीस वर्षं! केनेडी, जॉन्सन, निक्सन, फोर्ड, कार्टर, रेगन, सहा अध्यक्ष त्याच्या डोळ्यांसमोर आले. आपल्याकडे सोसायटीचा सेक्रेटरीसुद्धा इतका टिकत नाही.

रुजू होऊन सात महिने होतात न होतात तोच क्युबाचं प्रकरण उभं राहिलं. सोव्हिएत नेता ख्रुश्चेव्हने क्युबात क्षेपणास्त्रं नेली होती, आणि हे स्वतःच्याच राजदूताला सांगितलं नव्हतं. हे मुद्दाम दोनदा सांगतो. सांगितलं नव्हतं. तो बिचारा वॉशिंग्टनमध्ये ज्याला त्याला छातीठोकपणे सांगत होता की क्युबात हल्ल्याची शस्त्रं नाहीत. 22 ऑक्टोबर 1962, संध्याकाळी सहा वाजता परराष्ट्रमंत्री डीन रस्क यांनी त्याला बोलावलं आणि तासाभराने केनेडी टीव्हीवर जे भाषण करणार होते त्याची प्रत हातात ठेवली. रस्क पुढे सांगायचे की हा माणूस माझ्या डोळ्यांदेखत दहा वर्षांनी म्हातारा झाला.

दुसऱ्या दिवशी रात्री अध्यक्षांचे भाऊ रॉबर्ट केनेडी सोव्हिएत दूतावासात येऊन धडकले. संतापलेले. तुम्ही आम्हाला फसवलंत, हा एकच सूर. दोब्रिनिनने सांगितलं, मला जेवढं माहीत होतं तेवढंच मी बोललो. आता विचार करा, या वाक्याची राजदूताला काय किंमत मोजावी लागते. ‘मी खोटारडा नाही’ हे पटवायचं तर ‘माझं सरकार मला काही सांगत नाही’ हे कबूल करावं लागतं. खोटारडा ठरलं तर अब्रू जाते, हे कबूल केलं तर वजन. त्याने अब्रू राखली. माझ्या मते पुढचं सगळं त्यावरच उभं आहे, कारण केनेडींना एवढं तरी कळलं की हा माणूस निरोप आहे तसा पोचवतो, स्वतःची फोडणी देत नाही.

27 ऑक्टोबर, शनिवार. दुपारपर्यंत क्युबावर अमेरिकेचं यू-2 हे टेहळणी विमान पाडलं गेलं होतं आणि वैमानिक मेजर अँडरसन मारला गेला होता. संध्याकाळी रॉबर्ट केनेडींनी दोब्रिनिनला आपल्या कार्यालयात बोलावलं. क्षेपणास्त्रं काढा, आम्ही क्युबावर हल्ला न करण्याचं वचन देऊ. दोब्रिनिनने विचारलं, आणि तुर्कस्तानचं काय? तिथे अमेरिकेची 15 ज्युपिटर क्षेपणास्त्रं होती. उत्तर आलं, चार-पाच महिन्यांत काढू, पण हे बाहेर कुठे फुटता कामा नये.

एवढा निरोप घेऊन हा दूतावासात परतला. आता तो मॉस्कोला पोचणार कसा?

तुमच्यातल्या साठीच्या पुढच्या मंडळींना तारवाला आठवत असेल. आमच्या गिरगावातल्या चाळीत तो जिन्यात दिसला की सगळ्या खोल्यांची दारं उघडायची आणि बायका पदर तोंडाला लावून उभ्या राहायच्या. कुणाकडे जातोय? तिसऱ्या माळ्यावर गेला की दुसरा माळा श्वास सोडायचा. 2013 च्या जुलैत आपल्याकडची तार बंद झाली, तेव्हा मला चाळीआधी दोब्रिनिनच आठवला. कारण सोव्हिएत दूतावासाचे संदेशही तारेनेच जायचे. मजकूर सांकेतिक आकड्यांत बसवायचा आणि वेस्टर्न युनियन या खाजगी तार कंपनीला फोन करायचा. मग त्यांचा एक पोऱ्या सायकलवरून यायचा, पाकीट घ्यायचा आणि पेडल मारत निघून जायचा. दोब्रिनिनने आठवणींत लिहिलंय की आम्ही खिडकीतून बघत मनात म्हणायचो, आता हा वाटेत एखाद्या मुलीशी गप्पा मारायला थांबला नाही म्हणजे मिळवली! जगाचं काय होणार ते त्या सायकलच्या पिशवीत.

28 तारखेला मॉस्को रेडिओने क्षेपणास्त्रं परत घेत असल्याचं जाहीर केलं. पुढच्या वर्षी, 1963 मध्ये, दोन्ही राजधान्यांमध्ये हॉटलाइन बसली. सिनेमात लाल फोन दाखवतात तसा नव्हे, तर टेलिप्रिंटर, म्हणजे मजकूर टंकून पाठवायचं यंत्र. काका, तुमचा थेट फोन हा असा त्या सायकलवाल्याच्या कृपेने आला. आणि तो आल्यावरही दोब्रिनिन तेवीस वर्षं त्याच गावात होता, त्याला कुणी परत बोलावलं नाही. पुढे निक्सन यांचे सल्लागार किसिंजर यांच्याशी गुपचूप बोलणी चालायची तीही याच्यामार्फत.

आता याच्या उलटं उदाहरण, आणि तेही आपल्या घरचं. सरदार के. एम. पणिक्कर, मूळचे इतिहासकार, 1950 मध्ये पेकिंगला, म्हणजे आजच्या बीजिंगला, आपले राजदूत. कोरियाचं युद्ध पेटलेलं. 2 ऑक्टोबर उलटून मध्यरात्र झाली तेव्हा चीनचे पंतप्रधान चाऊ एन लाय यांनी त्यांना झोपेतून उठवून बोलावून घेतलं. सांगितलं, अमेरिकन सैन्याने दोन कोरियांमधली 38 अंशांची रेषा ओलांडली तर चीन युद्धात उतरेल. अमेरिकेचे चीनशी राजनैतिक संबंधच नव्हते, म्हणून निरोप आपल्यामार्फत. पणिक्करांनी तो लगेच दिल्लीला कळवला, तिथून लंडन, वॉशिंग्टन. निरोप शब्दशः खरा होता. वॉशिंग्टनने ठरवलं, हा पणिक्कर चिन्यांच्या बाजूचा, याचं काय ऐकायचं! आठवडाभरात अमेरिकन फौजा रेषेपलीकडे गेल्या, 19 ऑक्टोबरपासून चिनी फौजा यालू नदी ओलांडू लागल्या आणि युद्ध 1953 च्या जुलैपर्यंत चाललं.

ज्याच्या सरकारने त्याच्या तोंडून खोटं वदवलं त्या दोब्रिनिनवर विश्वास ठेवला गेला, आणि खरं बोलणाऱ्या पणिक्करांवर नाही. माझे विद्यार्थी म्हणायचे, सर, हा अन्याय आहे. आहेच. पण पणिक्करांचा अमेरिकेत कुणाशी रोजचा राबता नव्हता. त्यांच्याविषयीचं मत तिथे आधीच बनलेलं होतं, आणि ते नुसतं तारेवर बदलणार कसं? तिकडे दोब्रिनिन समोर बसलेला होता, त्याचा उतरलेला चेहरा रस्क यांना दिसत होता. थोडा दोष पणिक्करांचाही असावा. नव्या चीनचं त्यांना अंमळ जास्तच कौतुक होतं.

जीभ घसरली तर काय होतं त्याचा मासला म्हणजे जॉर्ज केनन. सोव्हिएत रशिया कोळून प्यायलेला अमेरिकन, 1952 मध्ये तिथेच राजदूत. बर्लिनच्या विमानतळावर पत्रकारांसमोर म्हणाला, मॉस्कोत राहणं म्हणजे नाझींनी मला नजरकैदेत ठेवलं होतं तसंच. खलास. मॉस्कोने परत पाऊल ठेवू दिलं नाही. कारकीर्द जेमतेम पाच महिन्यांची.

दूताला मारू नये हे बिभीषणाने रावणाला बजावलं होतं. रावणाने ऐकलं, फक्त शेपूट पेटवलं. राजदूतांना संरक्षण देणारा 1961 चा व्हिएन्ना करार आला तरी शेपटाची सोय सगळ्यांनी शिल्लक ठेवली आहे. 2018 च्या मार्चमध्ये दिल्ली आणि इस्लामाबाद, दोन्हीकडून तक्रारी झाल्या की मध्यरात्री कुणीतरी अधिकाऱ्यांच्या दाराची बेल वाजवून पळून जातं. दोन अण्वस्त्रधारी देश! ते हसण्यावारी नेता येतं. पण 1984 च्या फेब्रुवारीत बर्मिंगहॅममध्ये आपल्या रवींद्र म्हात्रेंचं अपहरण करून त्यांना मारलं गेलं. ते राजदूत नव्हते, तिथल्या आपल्या कचेरीतले अधिकारी होते. पुण्याला लग्नाला गेलात तर म्हात्रे पुलावरून जाल, तो पूल त्यांच्या नावाचा.

आपल्या मुंबईतली पाकिस्तानची वकिलात 1994 मध्ये बंद झाली, कराचीतली आपलीही त्याच वर्षी. तेव्हापासून इथल्या माणसाला कराचीतल्या मावशीकडे जायचं तर व्हिसासाठी दिल्ली गाठावी लागे. 2019 च्या ऑगस्टपासून दोन्हीकडे उच्चायुक्तच, म्हणजे राजदूतच, नाहीत. 2025 मध्ये पहलगामनंतर कचेऱ्यांतली माणसं 55 वरून 30 वर आणायचं ठरलं. लोकांना यात कणखरपणा दिसतो. मला ती सत्तावीस तारखेची संध्याकाळ आठवते. तेव्हा बोलवायला समोर माणूस होता.

जाता जाता दोब्रिनिनचं एक राहिलं. अमेरिकेच्या परराष्ट्र खात्याच्या तळघरातल्या गॅरेजमधून थेट वर जायची सवलत त्याला वर्षानुवर्षं होती. 1981 मध्ये नवं सरकार आल्यावर ती काढून घेतली. गाडी गॅरेजच्या तोंडापर्यंत गेली, तिला मागे घ्यायला लावलं, आणि स्वारी सगळ्यांसारखी पुढच्या दाराने आत गेली. अजून पाच वर्षं तो तिथेच होता. तुर्कस्तानच्या क्षेपणास्त्रांचा तो सौदाही त्याने जाहीरपणे उघड केला तो 1989 मध्ये, मॉस्कोतल्या एका परिषदेत. तोवर रॉबर्ट केनेडींना जाऊन वीस वर्षं उलटून गेली होती.

चिठ्ठी आली आहे, वेळ संपली म्हणून. काका, तुमचा हात वर दिसतोय. विचारा.