लाल हूडी आणि न आलेला शिकारी

नमस्कार मंडळी. मुलांच्या शॉर्ट फिल्मचं कौतुक करायला मला उभं केलंय, कौतुक तर करतेच, पण शूटिंगच्या वेळी एक पोरगी जे बोलली ते डोक्यातून जातच नाहीये, म्हणून तेही बोलते.

रोटकेपशेन, म्हणजे लाल टोपीवाली मुलगी आणि लांडग्याची गोष्ट, इथे जर्मनीत आपल्या पोरांना किंडरगार्टनपासून पाठ, आणि हानाऊला ही गोष्ट लिहून काढणाऱ्या ग्रिम बंधूंच्या पुतळ्यापुढे फोटो न काढलेलं इथे कोण आहे? ग्रिमच्या 1812 च्या पुस्तकात लांडगा विचारतो आजी कुठे राहते, आणि ही भाबडी पोर अख्खा पत्ता देऊन टाकते, तीन मोठ्या ओकच्या झाडांखाली, तिथे हेझलचं कुंपण आहे बघ. मुलांनी नेमकं हेच पकडलं! त्यांची लाल हूडीवाली गेमच्या चॅटवर एका गोडबोल्या मित्राला आपला ट्रामचा स्टॉप सांगते, शाळा सुटायची वेळ सांगते. लांडगा दिसतच नाही, नुसते टायपिंगचे तीन ठिपके, आणि मघाशी हॉल कसा चिडीचूप झाला होता.

ग्रिमच्या गोष्टीत शेवटी शिकारी येऊन मुलीला वाचवतो, मग फिल्ममध्ये शिकारी का नाही, गणपतीचे दिवस आहेत, शेवट गोड हवा होता, असं काहींनी मला येऊन सांगितलं. अहो, पेरो नावाच्या लेखकाच्या 1697 च्या फ्रेंच गोष्टीतही शिकारी नाहीच, लांडगा मुलीला खातो आणि गोष्ट संपते, वर पेरो बजावतो की गोड वागणारे लांडगेच सगळ्यात वाईट.

पण मुलांना पेरो कुठला माहीत असायला. मी विचारलं तर ती पोर म्हणाली, "मावशी, शिकारी कोणाला करणार? आईबाबांना सांगितलं तर ते आधी फोन काढून घेतील, मग ओरडतील, आणि मग विचारतील काय झालं." बाकीच्या सगळ्यांनी माना डोलावल्या हो. सगळ्यांनी!

चल रे भोपळ्या टुणूक टुणूक ऐकत आपण वाढलो. ती म्हातारी लेकीच्या दारात पोचली की तिला तूपरोटी मिळायची, जंगलातून एकटी कशाला आलीस म्हणून कोणी झापायचं नाही. आणि आपण? मार्क, मराठी शाळेची हजेरी, लोक काय म्हणतील, हे सगळं आधी, पोराचं ऐकणं नंतर.

दिवाळीत फिल्म परत दाखवायचीय, तेव्हा शेवट बदला म्हणून कृपा करून मुलांच्या मागे लागू नका. शिकारी सापडला तर ती स्वतःच घालतील. पण तो त्यांना आपल्या घरात सापडेल का, हे मला आज खात्रीने सांगता येत नाहीये.