बुजलेल्या समुद्राचे डोंगर

श्रोतेहो, नमस्कार. युरोप-आशियाचा नकाशा हाताशी असेल तर समोर घ्या, नसेल तर डोळ्यांसमोर आणा. स्पेन आणि फ्रान्सच्या मधल्या पिरेनीजवर बोट ठेवा आणि पूर्वेकडे सरकवत चला. आल्प्स, कार्पेथियन, तुर्कस्तानातला टॉरस, मग कॉकेशस, इराणमधले झाग्रोस आणि अल्बुर्झ, हिंदुकुश, काराकोरम, हिमालय. बोट फारसं उचलावं लागत नाही. शाळेत ही नावं आपण सुटी सुटी पाठ केली, पण आहे तो एकच पट्टा.

या पट्ट्याच्या जागी एके काळी समुद्र होता. ऑस्ट्रियाचे भूवैज्ञानिक एडुआर्ड झ्यूस यांनी १८९३ मध्ये त्याला 'टेथिस' हे नाव दिलं. दक्षिणेकडून आफ्रिका, अरबस्तान आणि भारत उत्तरेला सरकत आले, तसतसा समुद्र आक्रसत गेला आणि त्याच्या तळाचा गाळ चिमटीत सापडून घड्या पडत वर आला.

पुरावा हवा असेल तर तो थेट शिखरावर आहे. एव्हरेस्टचा माथा चुनखडीचा, आणि त्या चुनखडीत समुद्री जीवांचे अवशेष! एवढ्या उंचीवर कोण जाणार म्हणाल, तर नेपाळमधल्या काली गंडकीच्या पात्रातला शाळिग्राम पाहा. काळा, गुळगुळीत गोटा. फुटला असेल तर आत वेटोळं दिसतं, वेटोळ्यावर बारीक कंगोरे. हा अमोनाइट, म्हणजे माकुळाच्या दूरच्या भाईबंदाचं कवच.

आल्प्समधला मॅटरहॉर्न मला याहून विलक्षण वाटतो. त्याच्या सुळक्याचा वरचा भाग मूळचा आफ्रिकेकडचा, त्याखाली टेथिसच्या तळाचे खडक. उभा आहे मात्र युरोपात.

मग आल्प्स ४,८०० मीटरच्या आसपास थांबले आणि आठ हजार मीटरवरची चौदाच्या चौदा शिखरं हिमालय-काराकोरमच्याच वाट्याला का आली? मोठं कारण भारताचा वेग. धडकेपूर्वी तो वर्षाला सुमारे १५ सेंटिमीटर धावत होता. धडक बसून सुमारे पाच कोटी वर्षं झाली, तरी आजही वर्षाला चार-पाच सेंटिमीटर पुढे रेटतोच आहे. हा रेटा पार मध्य आशियातल्या तिएनशान पर्वतापर्यंत पोचला. तिथले झिजून गेलेले जुने डोंगर पुन्हा उठले आणि ७,४३९ मीटरपर्यंत गेले.

या सगळ्यात उरल मात्र उपरा. बाकीची रांग पूर्व-पश्चिम, हा उत्तर-दक्षिण, लांबी दोन हजार किलोमीटरच्या वर. तो २५-३० कोटी वर्षांपूर्वीच्या वेगळ्याच टकरीतून उभा राहिला. तेव्हापासूनच्या झिजेमुळे त्याचं सर्वोच्च शिखर, नारोदनाया, आज १,९०० मीटरही भरत नाही. मधल्या भागात तो इतका बुटका आहे की सैबेरियाकडे जाणाऱ्या रेल्वेतल्या प्रवाशाला डोंगर ओलांडल्याचा पत्ताही लागू नये. आणि तरी दोन खंडांची सीमा म्हणून मान मिळाला तो यालाच! अठराव्या शतकात स्वीडनचे श्ट्रालेनबर्ग आणि रशियाचे तातिश्चेव या भूगोलाच्या अभ्यासकांनी ही रेघ मांडली, ती टिकली.

दक्षिणेकडे मात्र ही रेघ अजून भांडणाची आहे. कॉकेशसचा मुख्य कणा सीमा धरला, तर ५,६४२ मीटरचा एल्ब्रुस युरोपात येतो. त्याच्या उत्तरेचा कुमा-मानिच हा सखल भाग सीमा धरला, तर अख्खा कॉकेशस आशियात जातो आणि युरोपातलं सर्वांत उंच शिखर ठरतं आल्प्समधलं मों ब्लां. म्हणूनच दोन पुस्तकांत दोन उत्तरं दिसली, तर छपाईची चूक समजू नका. नमस्कार.