चित्रकूटच्या खडकातील पेशी

श्रोतेहो, नमस्कार.

आपल्या खानदेशात खडक म्हटला की डोळ्यांसमोर काळा पाषाणच येतो. तो ज्या लाव्हापासून घडला, तो सुमारे ६ कोटी ६० लाख वर्षांपूर्वी भूपृष्ठावर पसरला, आणि पृथ्वीचे वय ४५४ कोटी वर्षे धरले तर आपला हा पाषाण अगदी अलीकडचा म्हणावा लागतो. शिवाय तप्त लाव्हात सजीवांचे अवशेष टिकत नाहीत; दोन थरांमध्ये साचलेल्या गाळात ते मिळतात, पण तेही त्याच काळातले. फार जुनी सजीवसृष्टी पाहायची असेल, तर सातपुडा आणि नर्मदा ओलांडून विंध्य समूहाच्या, म्हणजे विंध्य परिसरात गाळाच्या थरांतून बनलेल्या फार जुन्या खडकांकडे जावे लागते. भुसावळहून जबलपूर, सतनामार्गे माणिकपूरला उतरले की चित्रकूट जवळच आहे.

तेथील डोलोमाइट या चुनखडीसारख्या खडकात फॉस्फेटचे थर आहेत. कपाशीला आणि केळीला आपण जे सुपर फॉस्फेट देतो, ते फॉस्फेटयुक्त खडकापासूनच तयार होते, हे जाता जाता सांगतो. उथळ समुद्राच्या तळाशी सूक्ष्मजीवांची दाट साय पसरलेली असताना तिच्यातील पेशी कुजण्याआधीच त्यांच्यावर आणि त्यांच्या आत फॉस्फेटचे अतिसूक्ष्म स्फटिक जमले. त्यामुळे एरवी गाळाच्या भाराखाली चपट्या होऊन गेल्या असत्या अशा पेशी आपल्या मूळ गोलाईसह शिल्लक राहिल्या. डोलोमाइटसारखा कार्बोनेटी खडक सौम्य ॲसेटिक आम्लात विरघळतो, फॉस्फेट मात्र उरते, आणि त्या उरलेल्या चुऱ्यात जीवाश्म शोधता येतात.

डेहराडूनच्या वाडिया हिमालय भूविज्ञान संस्थेतील रफत जमाल आझमी यांनी १९९८ मध्ये विंध्य समूहातील सूक्ष्म जीवाश्मांची माहिती प्रसिद्ध केली, आणि त्यांवरून ते थर कँब्रियन काळाच्या आरंभीचे, म्हणजे सुमारे ५४ कोटी वर्षांपूर्वीचे असावेत, असा निष्कर्ष काढला. त्यावरून मोठा वाद झाला. २००२ मध्ये विंध्य समूहाच्या खालच्या भागातील ज्वालामुखीच्या राखेतून मिळालेल्या झिरकॉन या खनिजाच्या स्फटिकांचे वय सुमारे १६३ कोटी वर्षे निघाले, तेव्हा अनेकांना जीवाश्मांचीच शंका येऊ लागली. मग स्टॉकहोमचे स्टेफान बेंग्टसन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी २००९ मध्ये जीवाश्म असलेल्या फॉस्फेटचेच वय शिशाच्या समस्थानिकांवरून, म्हणजे शिशाच्याच पण वेगवेगळ्या वजनाच्या अणूंवरून काढले आणि ते सुमारे १६५ कोटी वर्षे आले. जीवाश्म खरे होते आणि खडकही तितकाच जुना होता. चुकला होता तो फक्त दोहोंना जोडणारा तर्क. माझ्या मते या वादातला सर्वांत शिकण्यासारखा भाग हाच आहे, कारण आझमींचा निष्कर्ष पडला म्हणून त्यांचे निरीक्षणही टाकून दिले असते, तर पुढचे काहीच घडले नसते.

२०१७ मध्ये याच गटाने क्ष-किरणांच्या साहाय्याने जीवाश्म न फोडता त्यांच्या आतील रचना त्रिमितीत पाहिली. एका प्रकारात पेशींचे लांब तंतू होते, पेशींमधील पडद्यांच्या मध्यभागी छिद्रासारखी रचना होती आणि पेशींच्या आत समभुज चौकोनी आकाराच्या चकत्या होत्या. दुसरा प्रकार मांसल, गाठाळ होता आणि त्यातील पेशींच्या रांगा कारंज्याप्रमाणे बाहेर उमललेल्या होत्या. ही लक्षणे आजच्या लाल शैवालांशी जुळतात. पहिल्याला आझमींच्या स्मरणार्थ नव्हे, तर सन्मानार्थ ‘रफताझ्मिया’ हे नाव मिळाले, आणि दुसरा ‘रामाथॅलस’ झाला. चित्रकूटात रामाचे नाव आले नसते तरच नवल.

लाल शैवालाची पेशी जिवाणूसारखी साधी नसते. तिच्यात पडद्याने वेढलेले केंद्रक असते, तसेच ते वनस्पतींच्या, बुरशीच्या आणि आपल्याही पेशीत असते. या जीवाश्मांत केंद्रक किंवा डीएनए उरलेले नाही, ओळख केवळ रचनेवरून पटवलेली आहे, त्यामुळे काही अभ्यासक सावधपणे बोलतात आणि ते योग्यच आहे. पण ही ओळख खरी असेल, तर १६० कोटी वर्षांपूर्वीच लाल शैवालांची शाखा वेगळी झालेली होती, आणि केंद्रक असलेल्या पहिल्या पेशीचा उगम त्याहूनही मागे न्यावा लागतो.