मधल्या पाण्यात कोण राहतं?

(दृश्य: निळं पाणी. कॅमेरा खाली जातोय, उजेड कमी होत चाललाय.)

समुद्राच्या वरच्या थरात जीव आहेत, हे कोळ्याचं पोरही सांगेल. तळाशीही आहेत, हे १८७० च्या दशकात ब्रिटिशांच्या ‘चॅलेंजर’ मोहिमेनं दाखवून दिलं. वाद उरला तो मधल्या पाण्याचा. हा प्रचंड पट्टा ओसाड आहे, असं अमेरिकेचे सागरी शास्त्रज्ञ अलेक्झांडर अगासिझ ठासून सांगत. त्यांना खोडून काढणं सोपं नव्हतं. जाळं कितीही खोल सोडा, वर ओढताना त्याचं तोंड उघडंच. मग हाती लागलेला प्राणी खोलातला की वाटेत घुसलेला, हे ठरवायचं कसं?

(दृश्य: नेपल्सचा किनारा, जुनं छायाचित्र.)

हा प्रश्न हाती घेतला जर्मन प्राणिशास्त्रज्ञ कार्ल कून यांनी. त्यांचा जन्म १८५२ चा, फ्रँकफर्टजवळच्या होएक्स्टचा. लाइपझिगला रुडॉल्फ लॉयकार्ट यांच्या हाताखाली ते शिकले, पण घडले नेपल्समध्ये, अँटन डोर्न यांच्या सागरी प्रयोगशाळेत. तिथं त्यांनी कंकतधर प्राणी अभ्यासाला घेतले. काचेसारखं पारदर्शक अंग, त्यावर बारीक कंगव्यांच्या आठ रांगा आणि त्या हलवत पोहणं. १८८० मध्ये त्यांचा यावरचा मोठा ग्रंथ आला. वादळानंतर कून यांना पाण्यात अर्धवट पिल्लं मिळत, आठऐवजी चारच रांगांची. लाटांच्या हिसक्यानं दोन पेशींचा भ्रूण दुभंगत असेल का? त्यांनी भ्रूण हलवून पाहिले, तर तशीच अर्धी पिल्लं तयार झाली.

मग जाळ्याचा प्रश्न. फॉन पीटरसन या इंजिनिअरच्या मदतीनं त्यांनी मिटणारं जाळं बनवलं. त्याला छोटा पंखा जोडलेला. जाळं ओढू लागलं की पाण्याच्या रेट्यानं पंखा फिरतो आणि ठरावीक फेऱ्या झाल्या की तोंड मिटतं. आता वाटेतले जीव आत शिरणार कसे? हजार मीटरहून खोल पाण्यातही जीव सापडले.

पुढे कून प्राध्यापक झाले: क्योनिग्सबर्ग, ब्रेस्लाऊ आणि शेवटी लाइपझिग, गुरूच्याच खुर्चीवर.

(दृश्य: ‘व्हाल्डिव्हिया’ जहाज.)

१८९८ च्या उन्हाळ्यात हॅम्बर्गहून ‘व्हाल्डिव्हिया’ निघाली. जर्मनीची ही पहिली खोल समुद्राची मोहीम, नेतृत्व कून यांचं. अटलांटिक, अंटार्क्टिकची कड, मग हिंदी महासागर: सुमात्रा, निकोबार, श्रीलंका, सेशेल्स. १८९९ च्या मे महिन्यात परत येईपर्यंत ३२,००० सागरी मैलांहून जास्त प्रवास झाला. नकाशावर चुकीच्या जागी दाखवलेलं दक्षिण अटलांटिकमधलं बुव्हे बेटही त्यांनी नीट शोधून काढलं, पण मला विचाराल तर खरी कमाई डेकवर होती. जाळं वर आलं की चित्रकार फ्रिडरिश विंटर रंग उडायच्या आत प्राणी रंगवून ठेवत.

याच मोहिमेत एक काळसर प्राणी मिळाला. बाहूंमध्ये छत्रीसारखा पडदा, मोठाले डोळे. १९०३ मध्ये कून यांनी नाव ठेवलं व्हॅम्पायरोट्यूथिस इन्फर्नालिस, नरकातला रक्तपिपासू माखूल! गणला मात्र ऑक्टोपसांत. १९१४ मध्ये कून वारले. मोहिमेच्या अहवालाचे खंड १९४० पर्यंत निघतच राहिले. या प्राण्याला वर्गीकरणात स्वतंत्र गण, म्हणजे स्वतःचा वेगळा गट, मिळाला तो १९३९ मध्ये, प्राणिशास्त्रज्ञ ग्रेस पिकफर्ड यांच्यामुळे. आणि तो रक्त पितच नाही, हे २०१२ मध्ये कळलं. मेलेल्या जिवांचे तुकडे, विष्ठा, असा वरून पडणारा चुरा तो आपल्या लांब धाग्यांवर गोळा करतो, चिकट स्रावात त्याचे गोळे वळतो आणि खातो.