दोर ओढण्याआधी

श्रोतेहो, नमस्कार.

अमेरिकेत यूटा राज्याच्या वाळवंटात अरुंद घळी आहेत. इतक्या अरुंद, की काही ठिकाणी छाती एका भिंतीला आणि पाठ दुसऱ्या भिंतीला घासते. या घळींमधून दोराने उतरत, सरपटत, पाय ताणत पलीकडे निघायचं, या खेळाला तिकडे कॅनियनिअरिंग म्हणतात. या खेळाची एक गोष्ट मी आज तुम्हाला दोन-तीनदा सांगणार आहे. दोर एकदा खाली ओढला, की मागची वाट संपली. पुढेच जायचं.

म्हणजे होतं काय, बघा. गिर्यारोहक डोंगर चढतो आणि नाही जमलं तर आल्या वाटेने उतरतो. इथे सुरुवातच वरून. कड्याच्या माथ्यावर एका कडीतून दोर ओवतात आणि सगळे एकामागून एक उतरतात. शेवटचा माणूस खाली आला, की दोराचं एक टोक ओढायचं. दुसरं टोक वर जातं, कडीतून सुटतं आणि सगळा दोर पायाशी येऊन पडतो. पुढच्या कड्यासाठी तो लागणार असतो, म्हणून ओढावाच लागतो. पण तो खाली पडला, की तुमच्या मागे उरते नुसती गुळगुळीत उभी भिंत. तिच्यावर चढता येत नाही. म्हणून जे विचारायचं, जे तपासायचं, जे नाकारायचं, ते दोर ओढण्याआधी.

मोआब, एस्कलांते, कनाब या गावांतून नवख्यांना घेऊन जाणारे वाटाडे मिळतात. झायन राष्ट्रीय उद्यानाचं नाव तुम्ही ऐकलं असेल. त्या उद्यानातल्या घळींत दोराने उतरायला परवाना लागतो आणि पैसे घेऊन वाटाड्याचं काम करायला तिथे मुभा नाही. त्यामुळे हे वाटाडे तुम्हाला उद्यानाबाहेरच्या सरकारी जमिनीवरच्या घळींत नेतात. त्या काही कमी देखण्या नाहीत. तिथला बराचसा दगड नवाहो वालुकाश्म. सुमारे १८-१९ कोटी वर्षांपूर्वीच्या वाळूच्या टेकड्या दबून, घट्ट होऊन तो तयार झाला. त्याला उभ्या भेगा पडल्या. पावसाचं पाणी वाळू आणि गोटे घेऊन त्या भेगांतून धावत राहिलं आणि खोल खोल कापत गेलं. या कापण्याकडे मी पुन्हा येणार आहे, कारण ते अजून थांबलेलं नाही.

आता आमच्या वन्संची गोष्ट सांगते. ही गोष्ट सांगायला मला फार आवडते.

वन्सं साठी ओलांडलेल्या. त्यांचा मुलगा तिकडे नोकरीला. आम्ही त्याच्याकडे गेलो होतो, तेव्हा त्याने नवख्यांसाठीच्या अर्ध्या दिवसाच्या सहलीत आमची नावं घातली. वाटाडी एक तिशीच्या आतली मुलगी, उन्हाने रापलेली, कमी बोलणारी. तिच्या जोडीला एक मदतनीस. आमच्याबरोबर आणखी एक कुटुंब होतं.

हेल्मेट घातली, हार्नेस, म्हणजे दोर अडकवायचे कमरेचे आणि मांड्यांचे पट्टे, चढवले. त्या मुलीने प्रत्येकाचा पट्टा स्वतःच्या हाताने ओढून पाहिला. मग तासभर चालून पहिल्या कड्याशी पोचलो. कडा ६० फुटांचा असेल. तिथे एक भलामोठा दगड अडकून बसलेला. त्या दगडाभोवती नायलॉनची रुंद पट्टी गुंडाळून गाठवलेली आणि पट्टीत एक धातूची कडी. याला अँकर म्हणतात. सगळ्यांचा जीव त्यावर. पट्टी आधीच्या कुणीतरी बांधलेली होती. मुलीने गाठ पाहिली, कडी पाहिली, पट्टी हिसकून पाहिली आणि दोर ओवला. मदतनीस उतरला. खाली उभा राहून त्याने दोराचं टोक हातात धरलं. वरच्या माणसाचा हात सुटलाच, तर खालून दोर ताणला की तो जागच्या जागी थांबतो. मग दुसऱ्या कुटुंबातला एक तरुण उतरला, झरझर.

तिसरा नंबर वन्संचा. त्या कड्यापर्यंत आल्या आणि थांबल्या.

मागून मुलगा म्हणाला, "आई, खाली बघू नकोस." मला हा सल्ला मुळीच पटत नाही. लहानपणापासून प्रत्येक उंच जागी आपण तो ऐकतो. अहो, जिथे पाय ठेवायचा तिथे बघायचं नाही, तर कुठे बघायचं? उतरताना खाली बघावंच लागतं. पाऊल कुठे पडणार, दोर कुठल्या धारेवर घासतोय, हे न बघता उतरणं जास्त धोक्याचं. असो.

पण वन्सं खाली बघतच नव्हत्या. त्या बघत होत्या त्या पट्टीकडे.

वाटाडी मुलीने सगळ्यांना चार पावलं मागे घेतलं आणि स्वतः वन्संच्या शेजारी दगडावर बसली. घाई नाही, पाठीवर थाप मारणं नाही, "यू कॅन डू इट" नाही. तिने एवढंच विचारलं, तुम्ही काय बघताय? वन्सं म्हणाल्या, "ही पट्टी इथे कधीपासून आहे?"

मुलगी म्हणाली, तारीख सांगता येणार नाही, पण मी तपासली आहे. आणि मग म्हणाली, तुम्हीही तपासा. तिने वन्संचा हार्नेस आधी एका वेगळ्या दोरीने सुरक्षित केला आणि त्यांना त्या दगडाजवळ नेलं.

आता, वन्संनी उभा जन्म शिवणयंत्रावर काढलेला. पिशव्यांचे बंद, दप्तरांचे पट्टे, छत्र्यांची कापडं, काय म्हणाल ते. त्यांनी चष्मा वर केला आणि डोळे मिटून ती पट्टी बोटांत धरून सरकवायला सुरुवात केली. गाठीपासून निघाल्या, दगडाला वळसा घालून मागच्या बाजूला. आम्ही सगळे गप्प. मागच्या बाजूला, जिथे दिवसभर ऊन लागत असणार, तिथे त्यांची बोटं थांबली. चार बोटं रुंदीचा तुकडा. तिथलं कापड त्यांनी दुमडून पाहिलं, नखाने खरवडलं. मला म्हणाल्या, "इथे खळ घातल्यासारखं लागतंय गं. कडक झालंय." मग तेच त्या मुलीला त्यांच्या इंग्रजीत सांगितलं.

कपडे वाळत घालायची नायलॉनची दोरी उन्हात वर्ष-दोन वर्षं राहिली, की कशी होते, हे तुम्हाला मी सांगायला नको. रंग उडतो, कडक होते आणि एक दिवस सगळ्या ओल्या चादरींसकट खाली येते.

त्या मुलीने स्वतः हात घालून तो तुकडा चाचपला. थोडा वेळ काही बोलली नाही. मग खाली मदतनिसाला ओरडून थांबायला सांगितलं, दोर सोडवला, खिशातून सुरी काढली आणि ती पट्टी सरळ कापून टाकली. पिशवीतून नवीन पट्टी काढली, दगडाभोवती घेतली, गाठ मारली, गाठीची दोन्ही टोकं वीतभर बाहेर ठेवली, कडी अडकवली आणि सगळा भार टाकून ओढून पाहिली. कापलेली पट्टी घडी करून तिने स्वतःच्या पिशवीत ठेवली. कचरा म्हणून तिथे टाकली नाही.

तो उतरून गेलेला तरुण खालून ओरडत होता, काय झालं म्हणून. मुलीने शांतपणे सांगितलं, की जुनी पट्टीसुद्धा टिकली असती, आमच्या वजनाच्या कितीतरी पट भार घेण्याची तिची ताकद असते. पण शंका आली की कापायची. नवी पट्टी पिशवीत असते ती याचसाठी.

आणि वन्सं? त्यांनी नव्या पट्टीवरून एकदा बोट फिरवलं, "आता जाते," म्हणाल्या आणि वळून पाठमोऱ्या कड्याशी उभ्या राहिल्या. मागे रेलायचं, पायांचे तळवे भिंतीला टेकवायचे, पाय खांद्याइतके फाकवायचे, उजवा हात कमरेखाली आणि तो काही झालं तरी दोरावरून काढायचा नाही. त्या थांबत थांबत उतरल्या, प्रत्येक पाऊल बघून. खाली पोचल्यावर मदतनिसाने दोर सोडवायला हात पुढे केला, तर त्यांनी तो बाजूला केला आणि स्वतः दोर काढला.

सगळ्यात शेवटी ती मुलगी उतरली. आणि तिथे तिने सगळ्यांना उभं केलं. पाणी किती उरलं? कुणाचा गुडघा दुखतोय? कुणाला इथूनच परत जायचंय? अजून वर जाता येईल, मी वर चढून तुम्हाला ओढून घेऊ शकते, असं तिने स्पष्ट सांगितलं. प्रत्येकाकडून तोंडी "हो" घेतलं, मुलांकडूनसुद्धा. मगच दोराचं टोक हातात घेतलं आणि ते वन्संच्या हातात दिलं. वन्संनी ओढला. दोर सळसळत आला.

चांगला वाटाड्या ओळखायचा कसा, असं कुणी मला विचारलं, तर मी ही जागा सांगते. दोर ओढण्याआधी तो किती वेळ घेतो ते बघा. पुन्हा सांगते, दोर ओढण्याआधी.

आता वेळ थोडा उरलाय, म्हणून पाण्याचं पटकन सांगते, पण ते कान देऊन ऐका. या घळी पाण्याने कापल्या आणि पाणी अजूनही येतं. तुमच्या डोक्यावर निळं आकाश असताना येतं. पाऊस काही मैल वरच्या बाजूला पडतो, तिथला उघडा खडक पाणी शोषत नाही, सगळं वाहून या एका भेगेत शिरतं. १२ ऑगस्ट १९९७ रोजी ॲरिझोनातल्या लोअर अँटिलोप घळीत असाच लोंढा आला आणि ११ जण गेले. १४ सप्टेंबर २०१५ रोजी झायनमधल्या कीहोल घळीत ७ जण गेले. बाजूला चढायला जागाच नसते, हे लक्षात घ्या. म्हणून वाटाडे सकाळी हवामानाचा अंदाज बघतात, तो घळीच्या माथ्याचाच नाही, वरच्या सगळ्या पाणलोटाचा.

आणि एकटं जाऊ नका. ॲरन राल्स्टन हा अमेरिकन गिर्यारोहक, चांगला अनुभवी गडी. २००३च्या एप्रिलमध्ये यूटातल्याच ब्लूजॉन घळीत एक धोंडा सरकून त्याचा हात अडकला. कुठे जातोय हे त्याने कुणालाच सांगितलं नव्हतं. पाच दिवसांहून जास्त काळ तो तिथे अडकला आणि अखेर स्वतःचा हात कापून बाहेर आला. घरी एक चिठ्ठी ठेवून जायला काहीच लागत नाही.

सहलीआधी तुमच्याकडून एक लांबलचक कागद सही करून घेतात. तो वाचा. मला माणसांचं हे न वाचता सही करणं बघवत नाही, मग तो कागद दवाखान्यातला असो, बँकेचा असो की वाळवंटातला. त्या कागदात तुमच्या जिवाला काय काय होऊ शकतं ते लिहिलेलं असतं आणि शंका विचारायची ती पहिली संधी असते.

कपडे जुने आणि जाड घाला. वालुकाश्म पॉलिश कागदासारखा घासतो, पँटची बैठक फाटतेच. बूट पकडीचे. घळीत डबकी असतील तर कडक उन्हाळ्यातही पाणी गार असतं, कारण तिथे ऊन पोचतच नाही. अशा वेळी वाटाडे वेटसूट, म्हणजे पाण्यात ऊब धरणारा घट्ट रबरी पोशाख, देतात, तो नाकारू नका. नवख्यांसाठी कोरडी घळ मागावी. तिकडच्या प्रतवारीत ३ हा आकडा म्हणजे दोर लागणार आणि ए हे अक्षर म्हणजे घळ कोरडी किंवा पाणी अगदी थोडं. ३-ए सांगितलं की त्यांना कळतं. घळीपर्यंत चालताना काळपट, खडबडीत माती दिसली तर तिच्यावर पाय देऊ नका. ती जिवंत असते. सूक्ष्म जीवांनी वाळू धरून ठेवलेली असते आणि एक पाऊल पडलं तर ती भरून यायला कित्येक वर्षं लागतात. वाटाडे खडकावरून किंवा कोरड्या ओढ्यातून चालवतात ते यासाठी.

जायचं कधी? एप्रिल-मे, किंवा सप्टेंबरअखेर ते ऑक्टोबर. जुलै ते सप्टेंबर हा तिकडचा वादळी पावसाचा काळ आणि वादळं बहुतेक दुपारी उठतात. तुमच्या सुट्ट्या ऑगस्टमध्येच असतील, तर सकाळची पहिली फेरी घ्या. आणि वाटाड्याने घळीच्या तोंडाशी पोचूनही गाडी वळवली, तर त्याच्याशी हुज्जत घालू नका. पैसे परत मिळण्याचा नियम नाव नोंदवतानाच विचारून ठेवा.

नमस्कार.