अट बदलली, पण कुठल्या तारखेपासून?

मंडळी, सुरुवात एका वर्तमानपत्राच्या पानापासून करतो. माझ्याकडे एक शिक्षिका आल्या होत्या. प्लास्टिकच्या पिशवीतून त्यांनी जपून घडी केलेलं पान काढलं. कडा पिवळ्या पडलेल्या, मधे निळ्या पेनाने चौकट केलेली भरतीची जाहिरात. "साहेब, यात बी.एड. चालेल असं स्पष्ट लिहिलंय," एवढंच त्या म्हणाल्या. शिक्षक-प्रशिक्षणाच्या प्रवेशाची आणि पात्रतेची प्रकरणं मी बरीच वर्षं चालवतो आहे. ती सगळी फिरून फिरून याच प्रश्नावर येतात: अट काय होती, आणि ती कधी होती?

अट ठरवायची कुणी, हा वाद आता बराचसा मिटला आहे. १९७६ च्या बेचाळिसाव्या घटनादुरुस्तीने शिक्षण समवर्ती सूचीत, म्हणजे केंद्र आणि राज्य दोघांनाही कायदा करता येईल अशा विषयांत आलं, तरी उच्च शिक्षणाचा दर्जा राखण्याचा विषय केंद्राकडेच राहिला. १९९३ मध्ये संसदेने राष्ट्रीय अध्यापक शिक्षण परिषदेचा, म्हणजे एनसीटीईचा कायदा केला. पुढे महाराष्ट्र सरकारने नवी बी.एड. महाविद्यालयं नकोत असं धोरण घेतलं, तेव्हा प्रकरण सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेलं. २००६ च्या निकालाने सांगितलं की हे क्षेत्र संसदेच्या कायद्याने व्यापलेलं आहे; राज्याला आपल्या धोरणाच्या नावाखाली तिथे आडवं येता येणार नाही.

टक्क्यांचे वाद त्या मानाने साधे, पण जिव्हारी लागणारे. २०१४ च्या नियमावलीप्रमाणे बी.एड.ला पदवीला किंवा पदव्युत्तरला ५० टक्के लागतात. आपल्याकडे मागासवर्गीयांसाठी ४५. मग कुणाचे ४९.७५ भरतात. गुणपत्रक पुढे सरकवताना मुलीचं बोट त्या आकड्यावरच थांबलेलं असतं. नियमातच तशी तरतूद नसेल, तर ४९.७५ चे ५० करता येत नाहीत, ही न्यायालयांची भूमिका आहे. मला ती पटते. आज पाव टक्का सोडला, तर उद्या अर्ध्या टक्क्याला नाही कुठल्या तोंडाने म्हणणार?

खरा कस लागला तो २०१८ च्या अधिसूचनेत. २८ जून २०१८ ला एनसीटीईने पहिली ते पाचवीसाठी बी.एड.धारकांनाही पात्र ठरवलं. नेमणूक झाल्यावर दोन वर्षांत सहा महिन्यांचा ब्रिज कोर्स करायचा, एवढीच अट. डी.एड., म्हणजे प्राथमिक शिक्षकाची पदविका घेतलेल्यांच्या पायाखालची जमीन सरकली. दोन वर्षं ज्यासाठी घालवली, त्या जागेवर आता दुसऱ्याचाही हक्क! राजस्थान उच्च न्यायालयाने २०२१ मध्ये ही अधिसूचना रद्द केली, आणि ११ ऑगस्ट २०२३ ला सर्वोच्च न्यायालयाने देवेश शर्मा प्रकरणात तो निकाल कायम केला.

इथे जरा थांबतो, कारण बी.एड.वाल्यांवर अन्याय झाला असं अनेकांना वाटतं. पहिलीच्या वर्गात जाऊन बघा. तेरा म्हणजे दहाचा एक गठ्ठा आणि तीन सुट्या काड्या, हे सहा वर्षांच्या मुलाच्या हातात काड्या देऊन, ते चुकेल तिथे परत गठ्ठा सोडून शिकवावं लागतं. डी.एड.ची पोरं हेच शिकतात. बी.एड.चा सारा रोख माध्यमिकच्या मुलांवर. बी.एड. पदवी मोठी आहे, पण ती वेगळ्या कामाची आहे. शिवाय ब्रिज कोर्स लागतो असं म्हणणं म्हणजे काहीतरी कमी आहे हे मान्य करणंच. मग तो होईपर्यंतची दोन वर्षं पहिलीतल्या मुलाने काय करायचं? परिषदेने स्वतंत्र विचार न करता केंद्राच्या निर्देशावरून हा बदल केला, हेही न्यायालयाला खटकलं. मोफत शिक्षणाच्या हक्कात दर्जा येतोच, असं न्यायालयाने बजावलं. हा निकाल मला शंभर टक्के योग्य वाटतो.

पण निकाल योग्य असला तरी माणसं मधे सापडतातच. सरकारनेच काढलेल्या अधिसूचनेवर विश्वास ठेवून अर्ज करणाऱ्याचा दोष काय? म्हणून ८ एप्रिल २०२४ चं स्पष्टीकरण मला मूळ निकालाइतकंच मोलाचं वाटतं. ११ ऑगस्ट २०२३ पूर्वी ज्यांची नियमित नेमणूक झाली आणि ज्यांच्या जाहिरातीत बी.एड. ही पात्रता दिलेली होती, त्यांच्या नोकऱ्या वाचल्या. ज्यांना हे संरक्षण मिळालं नाही त्यांचं काय झालं, ते छत्तीसगडमध्ये दिसलं. अडीच हजारांहून अधिक सहायक शिक्षकांना घरी जावं लागलं. उन्हातान्हात आंदोलनं झाली, तेव्हा कुठे २०२५ मध्ये सरकारने त्यांना प्रयोगशाळेच्या कामासाठी सामावून घ्यायचं ठरवलं.

प्रवेश घेणाऱ्यांनो, म्हणून माझं सांगणं ऐका. ज्या वर्षी अर्ज कराल त्या वर्षीची माहितीपुस्तिका, अधिसूचना, जाहिरात, तारखेसकट जपून ठेवा. संकेतस्थळावरचं पान उद्या तसंच राहील याचा भरवसा धरू नका. कोर्टात आधी तेच मागतात.

त्या बाईंच्या नेमणुकीच्या आदेशावर २०२३ च्या जुलैची तारीख होती. आदेश आणि ते पिवळं पान मी टेबलावर शेजारी शेजारी ठेवलं, आणि त्यांना म्हटलं, "बाई, बसा. चहा घ्या."