ॲनिमेशनमध्ये एडिटर कापतो तरी काय?

नमस्कार! ॲनिमेशन एडिटर व्हायचंय म्हटलं की समोरचा हमखास विचारतो, "तिथे कापायला काय असतं? सगळं ठरवूनच काढतात ना?" प्रश्न रास्त आहे. नेहमीच्या सिनेमात आधी शूटिंग होतं, एकेका सीनचे ढीगभर टेक येतात आणि त्यातून संकलक सिनेमा उभा करतो. ॲनिमेशनमध्ये गाडी उलटी. एडिट आधी, शॉट नंतर.

स्टोरीबोर्ड आर्टिस्ट कच्ची रेखाटनं देतात. एडिटर ती टाइमलाइनवर, म्हणजे एडिटिंग सॉफ्टवेअरमधल्या वेळेच्या पट्टीवर मांडतो. खाली संवाद, तात्पुरतं संगीत, पावलांचे, दारांचे आवाज टाकतो. हे झालं ॲनिमॅटिक. एकही पात्र अजून हललेलं नसतं, पण सिनेमा बघता येतो. आणि तो रटाळ असेल तर तेही तेव्हाच कळतं.

समजा, एक मुलगी पत्र उघडते. तीन पॅनल आहेत: हातात पाकीट, वाचणारे डोळे, खाली गेलेला हात. मधलं पॅनल 12 फ्रेम ठेवलं, म्हणजे सेकंदाला 24 च्या हिशोबाने अर्धा सेकंद, तर तिने पत्रावर नुसती नजर फिरवली असं वाटतं. तेच 60 फ्रेम ठेवा. अडीच सेकंद. चित्रातली एक रेघ बदललेली नाही, पण बघणाऱ्याच्या पोटात गोळा येतो. ॲनिमेटर अजून कामाला लागलेलाही नाही, बरं का! मला या कामाचं वेड लागलं ते इथेच.

आवाजाचंही तसंच. सुरुवातीला स्टुडिओतलीच माणसं संवाद वाचून देतात, त्याला स्क्रॅच म्हणतात. खरे कलाकार नंतर येतात, आणि बरेचदा वेगवेगळ्या दिवशी, एकेकटे रेकॉर्ड करून जातात. त्यांच्या पात्रांमधलं भांडण पेटतं ते टाइमलाइनवर. तिसऱ्या टेकमधलं अर्धं वाक्य, सातव्यातला शेवटचा शब्द, मधला श्वास अकराव्यातला. हे जुळलं की त्यावर ॲनिमेटर ओठ हलवतो. श्वास चुकीचा निवडलात, तर कुणीतरी दिवसच्या दिवस जीव ओतून तो चुकीचा श्वास ॲनिमेट करत बसेल. ही जबाबदारी मला फार मोठी वाटते.

कारण जादा फुटेज इथे नसतंच. शॉटच्या दोन्ही टोकांना मिळाल्या तर मोजक्या फ्रेम.

पुढे स्टोरीबोर्डच्या जागी लेआउट, म्हणजे शॉटमधल्या कॅमेऱ्याची आणि पात्रांची कच्ची मांडणी येते, मग ॲनिमेशन, मग लायटिंग झालेला शॉट. दर वेळी पुन्हा बघायचं. मोठ्या चित्रपटात हे काही वर्षं चालतं. तोच विनोद शेकडो वेळा ऐकून झाल्यावरही, पहिल्यांदा ऐकणारा हसेल का, हे ठरवायचं असतं. टीव्हीचा वेग निराळा. एपिसोड 11 किंवा 22 मिनिटांचा, लांबी ठरलेली, आणि एकाच वेळी चार एपिसोड चार टप्प्यांवर.

शिरकाव होतो असिस्टंट एडिटर म्हणून. शॉट नंबर, फाइलींची नावं, कुठली आवृत्ती ताजी, कुठला शॉट बाद झाला, हे सगळं त्याच्याकडे. ॲव्हिड मीडिया कंपोझर आणि प्रीमिअर प्रो, या दोन्ही एडिटिंग सॉफ्टवेअरवर हात बसवा. हे काम हलकं समजू नका. गोष्ट कशी घडते, कशी मोडते आणि पुन्हा उभी राहते, हे त्या खुर्चीवरून रोज दिसतं. 'टॉय स्टोरी'च्या (1995) संकलकांपैकी एक असलेल्या ली अंक्रिच यांनी पुढे 'टॉय स्टोरी 3' (2010) दिग्दर्शित केला.

शोरीलमध्ये, म्हणजे काम मागताना पाठवायच्या नमुन्याच्या व्हिडिओत, चकचकीत कटांची माळ टाकू नका. काड्यांची माणसं काढा, वीसेक चित्रं पुरे. संवाद फोनवर स्वतःच्या आवाजात रेकॉर्ड करा. एक मिनिटाचा सीन लावा आणि त्याच्या तीन आवृत्त्या करा: एकीत हसू यावं, दुसरीत भीती वाटावी, तिसरीत गलबलून यावं. चित्रं आणि संवाद तेच ठेवा, फक्त फ्रेम कमीजास्त करा. तिन्ही एकापाठोपाठ जोडून पाठवा.